बचावाचं स्टूल

मे महिन्यात कोर्टाला सुट्टी लागली की मी महाडहून कापड्याला येतो. पोलादपूर सोडून महाबळेश्वरच्या रस्त्याला लागलं की आमचं गाव. त्याच दिवसांत मुंबईकर मंडळी आलेली असतात, माळ्यावर आंब्याची अढी घातलेली असते आणि शाळेच्या एखाद्या वर्गात नाटकाची तालीम चालू असते. एका वर्षी पोरांनी विजय तेंडुलकरांचं ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ घेतलं आणि मला निरोप धाडला, ‘काका, कोर्टाचं तेवढं बघून घ्या.’

मी बघून घेतलं. पिंजरा कुठे असतो, सरकारी वकील कुठून बोलतो, साक्षीदाराने तोंड कुणाकडे करायचं, सगळं सांगितलं. न्यायाधीशाला हेडमास्तरांची खुर्ची होती आणि वकिलांना दोन स्टुलं. त्यातल्या एकाचा पाय आखूड, म्हणून खाली कौलाची कपची सरकवलेली. तालमीच्या मधल्या सुट्टीत दारात बसून बघणाऱ्या वाडीतल्या एका म्हाताऱ्या आजींनी मला विचारलं, ‘वकीलसाहेब, समदी तिच्या अंगावर धावत्यात. तिच्या बाजूनं कोन बोलनार?’

मी म्हटलं, ‘तोच वकील दुसऱ्या स्टुलावर बसून बोलतो.’ बोलून गेलो आणि माझाच आवाज मला खटकला. त्या रात्री कंदिलाशी बसून नाटक पुन्हा वाचलं. तोवर मी ते एका बाईच्या छळाची गोष्ट म्हणून वाचत होतो. तशी ती आहेच. पण त्या रात्रीपासून ते मला एका रिकाम्या जागेचं नाटक वाटत आलं आहे. फौजदारी खटल्यात आरोपीच्या बाजूने बोलणाऱ्याची जागा तयार व्हायला इंग्लंडात शतकं लागली. तेंडुलकरांनी ती जागा तीन अंकांपुरती मोकळी ठेवली आणि मागे काय उरतं ते दाखवलं.

नाटक १९६७ सालचं. ‘रंगायन’ने केलं, अरविंद देशपांडे यांनी बसवलं, बेणारेबाई सुलभा देशपांडे यांनी उभ्या केल्या. मुंबईतली एक हौशी मंडळी गावात अभिरूप न्यायालयाचा प्रयोग करायला येते. रात्रीच्या प्रयोगात अमेरिकेचे अध्यक्ष जॉन्सन यांच्यावर अण्वस्त्रांबद्दल खटला चालायचा आहे. मधला वेळ रिकामा आहे आणि गावातल्या सामंताने कधी कोर्ट पाहिलेलं नाही. मग त्याला कळावं म्हणून गंमतीचा एक खटला उभा करतात आणि आरोपी म्हणून शाळेत शिकवणाऱ्या लीला बेणारेला धरतात. गंमतीची धार कधी लागली ते कळत नाही. मंडळीच्या मनात तिच्याविषयी जे जे साठलेलं आहे ते साक्षीच्या नावाने बाहेर येतं.

आता मंडळीत कोण आलेलं नाही ते पाहा. प्राध्यापक दामले आलेले नाहीत. रात्रीच्या खटल्यात त्यांचं काम आरोपीच्या वकिलाचं आहे. बेणारेच्या पोटातलं मूल ज्याचं, तोच हा दामले. ज्याने तिच्या बाजूने उभं राहायचं तो आयुष्यातही नाही आणि कोर्टातही नाही. नाटककाराने हे कुठेही ठळक करून सांगितलेलं नाही. पात्रांच्या बोलण्यात दामल्यांच्या न येण्याची अडचण येते, मंडळीतले वकील सुखात्मे दोन्ही बाजू आपण सांभाळतो म्हणतात, आणि गोष्ट पुढे सरकते. मला ही जागा फार थोर वाटते. बचावाची खुर्ची कशी नाहीशी होते? कुणी ती उचलून फेकत नाही. सोय म्हणून, आजच्यापुरतं म्हणून, सगळ्यांच्या संमतीने ती दुसऱ्याकडे सोपवली जाते.

इंग्लंडात मुळात ती खुर्ची नव्हतीच. १२१५ साली पोपच्या लॅटरन परिषदेने धर्मगुरूंना अग्निदिव्य, जलदिव्य यांत भाग घ्यायला बंदी केली आणि युरोपभर प्रश्न पडला की खरं-खोटं आता ठरवायचं कसं. बाकी युरोप न्यायाधीशाने स्वतः चौकशी करण्याच्या वाटेने गेला. इंग्लंडने गावातली बारा माणसं बसवली. पण त्या बारांसमोर शतकानुशतकं चाले ती फिर्यादी आणि आरोपीची समोरासमोर वादावादी. फिर्यादी म्हणायचा, याने माझं घर फोडलं. आरोपी तिथल्या तिथे उत्तर द्यायचा. जिथे फाशी होऊ शकते अशा गुन्ह्यांतही आरोपीला वकील नसे. खुनशी फिर्यादीसमोर, तुरुंगात महिनोन्महिने कुजलेला, बहुधा निरक्षर माणूस एकटा उभा. यावर कायदेपंडितांचं उत्तर ठरलेलं असे: आरोपीचा वकील न्यायाधीशच आहे, आणि निर्दोष माणसाला सरळ बोलायला कसलं कौशल्य लागतं?

सुखात्म्यांचं दुसरं स्टूल मला हुबेहूब इथे दिसतं. फिर्यादी पक्षाचे वकील असताना ते ताठ, आवाज चढा, साक्षीदाराला हवं ते बोलतं करण्यात वाकबगार. बचावाचे वकील व्हायची पाळी येते तेव्हा ते उठतात, दुसऱ्या स्टुलावर जाऊन बसतात, खांदे पडतात, चेहरा केविलवाणा होतो. उलटतपास जवळपास नाहीच. शेवटच्या भाषणात ते गुन्हा कबूल करूनच सुरुवात करतात आणि मग दया मागतात. आमच्या पोरांतला सुखात्मे करणारा मुलगा या जागी हशा काढायचा. मी त्याला म्हटलं, हशा येऊ दे, पण बसताना क्षणभर थांब. ते आखूड पायाचं स्टूल कलतं आणि तू सावरतोस, तेवढं प्रेक्षकाला दिसू दे. ज्या वकिलाने अशिलाच्या वतीने गुन्हा कबूल करून टाकला, तो नसता तर बरं झालं असतं. रिकाम्या जागेकडे निदान कुणी बोट तरी दाखवलं असतं.

खुर्ची आली ती हळूहळू आली, आणि आधी आली मोठ्या लोकांसाठी. राजद्रोहाचे खटले उमरावांवर भरले जात. १६९६ च्या कायद्याने राजद्रोहाच्या आरोपीला वकील मिळाला, आरोपपत्राची प्रत मिळाली, त्याच्या साक्षीदारांना शपथ मिळाली. चोरी-दरोड्यातल्या गरिबाला काहीच मिळालं नाही. त्याच्यासाठी दार किलकिलं झालं ते १७३० च्या दशकात, लंडनच्या ओल्ड बेली कोर्टात, आणि तेही कुठल्या कायद्याने नव्हे. दरोडेखोर पकडून दिला की ४० पौंडांचं बक्षीस मिळे, तेव्हा बक्षिसाच्या लोभाने खोटे साक्षीदार उभे करणाऱ्यांचा धंदाच झाला होता. चोर पकडून देणारा म्हणून नावाजलेला जोनाथन वाइल्ड स्वतःच चोरांच्या टोळीचा सूत्रधार निघाला आणि १७२५ साली फाशी गेला. साक्षी अशा विकत मिळू लागल्यावर न्यायाधीशांनी आरोपीच्या वकिलाला उलटतपास घेऊ द्यायला सुरुवात केली. मात्र ज्युरीसमोर भाषण करायचं नाही. ती परवानगी यायला १८३६ उजाडलं. मधल्या शंभर वर्षांत वकिलांच्या हाती एकच हत्यार होतं, प्रश्न. विल्यम गॅरो या वकिलाने १७८० च्या दशकात ते असं परजलं की साक्षीदार पिंजऱ्यात चढतानाच घाबरू लागले. म्हणून उलटतपास ही मला नुसती कोर्टाची रीत वाटत नाही. ज्याला बोलायला बंदी होती त्याने प्रश्नातून बोलायची शोधलेली वाट आहे ती.

या नजरेने नाटकातल्या साक्षी वाचाव्यात. शपथेला धर्मग्रंथाऐवजी इंग्रजी शब्दकोश आहे. सामंत तर कोर्ट कधी न पाहिलेला, मनाने सरळ माणूस. तो साक्ष देतो ती हातातल्या कादंबरीतून. त्याने काही पाहिलेलं नाही, पण कादंबरीतला प्रसंग तो सांगत जातो आणि तो बेणारेच्या आयुष्यावर नेमका बसतो. खोटी साक्ष खरी निघते. पुढचे साक्षीदार खरं तेच सांगतात, तरी त्यातली एकही गोष्ट कोर्टात टिकण्यासारखी नाही. पोंक्षे एकांतात विश्वासाने सांगितलेलं चव्हाट्यावर आणतो, ढेकणाच्या औषधाच्या बाटलीसकट. रोकडे दामल्यांच्या खोलीतलं सांगतो. कुणी तिच्या वागण्या-हसण्यावर बोलतं. आपल्या १८७२ च्या पुरावा कायद्याने तोंडी पुरावा प्रत्यक्ष पाहिल्या-ऐकल्याचाच हवा असं सांगितलं होतं आणि आरोपीचं पूर्वीचं वाईट चारित्र्य पुराव्यात येऊ नये असंही. नियम शंभर असतात, पण ‘हरकत आहे, महाराज’ म्हणून उठणारा माणूस नसला तर नियम आपले आपण उठत नाहीत. वकिलीच्या इतक्या वर्षांत मला याहून मोठं काही शिकायला मिळालेलं नाही.

आणि मग काशीकर. कान कोरत, हातोडा आपटत बसलेला हा न्यायाधीश. एका क्षणी त्याला राहवत नाही. बेणारेच्या संस्थाचालकाच्या खोलीत आपल्या कानावर काय पडलं ते त्याला सांगायचंच असतं, म्हणून तो न्यायासनावरून उतरून साक्षीदाराच्या पिंजऱ्यात जातो. साक्ष देऊन परत वर चढतो आणि न्याय करायला बसतो. रंगमंचावर ही हालचाल चार पावलांची आहे. पण खटल्याच्या इतिहासात कमावलेलं सगळं त्या चार पावलांत उलटं होतं. भांडणारे दोघे आणि ऐकणारा तिसरा, एवढाच या पद्धतीचा सांगाडा. तिसरा भांडणात उतरला की बसून ऐकायला कुणी उरत नाही. समोर प्रेक्षक असतात म्हणा. मुंबईला नानावटी खटल्यातली १९५९ ची ज्युरी आणि तिचा ८ विरुद्ध १ असा निर्दोषत्वाचा कौल चांगला आठवत होता, आणि त्यानंतर आपल्याकडे ज्युरीचे दिवस भरत आले. तेंडुलकरांनी ज्युरीला अंधारात, तिकीट काढून बसवलं, असं मला वाटतं.

हे सगळं वाचताना मी कापड्यात बसलेलो असतो, पण मन महाडला जातं. दोन्ही बाजू खरोखर उभ्या राहिल्या म्हणजे काय होतं याचं आमच्याजवळचं उदाहरण चवदार तळ्याचं, दलितांच्या तिथल्या पाण्यावरच्या हक्काचं. खटला दिवाणी होता हे खरं. फौजदारी तेवढी मार्च १९२७ च्या दंगलीची झाली, आणि हल्ला करणाऱ्यांपैकी काहींना चार महिन्यांची सक्तमजुरी लागली. पण मोठी लढाई दिवाणीत झाली. १२ डिसेंबर १९२७ ला महाडच्या कोर्टात सवर्णांच्या वतीने दावा दाखल झाला, प्रतिवादींत डॉ. आंबेडकर. मनाईहुकूम मिळाला, म्हणून डिसेंबरच्या परिषदेत तळ्यावर जायचं थांबलं. कोर्टाच्या बाहेर त्या काळी सगळं समाजमत, सगळी साक्ष एकाच बाजूची होती. फार जुनी वहिवाट आहे, सगळ्यांना माहीत आहे, एवढं म्हटलं की गावात प्रश्न मिटत होता. कोर्टात मात्र तसं चालेना. वहिवाट आहे म्हणता, तर सिद्ध करा. कुणी पाहिली, केव्हापासून, कागद कुठे आहे, आणि तळं नगरपालिकेचं असताना हक्क तुमचा कसा? विचारणारा समोर उभा होता आणि तो बॅरिस्टर होता. १९३१ साली महाडच्या कोर्टात दावा फेटाळला गेला, अपिलं झाली, आणि १७ मार्च १९३७ ला मुंबई उच्च न्यायालयात न्या. ब्रूमफील्ड आणि न्या. वाडिया यांच्यासमोर अखेरचा निकाल लागला: सांगितलेली अनादि वहिवाट शाबीत झालेली नाही.

दहा वर्षं लागली. तहानलेल्यांना दहा वर्षं तारखा मोजायला लावणारी पद्धत आदर्श आहे असं मी कधीच म्हणणार नाही. समोरचा बॅरिस्टर नसता, रोजंदारीवरचा मजूर असता, तर ही पद्धत त्याला कितपत उपयोगी पडली असती हे मी रोज बघतो. सत्र न्यायालयात वकील परवडत नसलेल्या आरोपीला सरकारी खर्चाने वकील देण्याचं कलम ३०४ आलं ते १९७३ च्या संहितेत, बेणारेनंतर सहा वर्षांनी. तरीही ‘सगळ्यांना माहीत आहे’ या वाक्याला ‘सिद्ध करा’ असं उत्तर देणारी आमच्या भागातली मला माहीत असलेली सगळ्यात जुनी ताकद महाडच्या त्या कोर्टातली आहे. बेणारेच्या खटल्यात नेमकं हेच कुणी म्हणत नाही. तिच्याबद्दल तर सगळ्यांनाच माहीत असतं.

आणि तिच्यावरचा आरोप? तो भ्रूणहत्येचा, कलम ३०२ खाली. इथे मी पहिल्यांदा वाचताना नुसताच पुढे गेलो होतो, वकील असून. तेव्हाच्या दंडसंहितेत ३०२ हे खुनाच्या शिक्षेचं कलम होतं. आणि त्याच दंडसंहितेत कलम २९९ च्या खुलाशात स्वच्छ लिहिलं होतं की आईच्या पोटातल्या बालकाचा मृत्यू घडवणं हा मनुष्यवध नाही; त्याला वेगळी कलमं होती. म्हणजे नवशिका, सनदेवरची शाई न वाळलेला वकील जरी त्या स्टुलावर असता, तरी आरोप वाचून होताहोताच तो उठला असता. शिवाय मूल मेलेलंच नाही. बाई ते जगवायला धडपडते आहे, बाप म्हणून नाव द्यायला एकेकाची विनवणी करते आहे. आणि हे कोर्ट शेवटी शिक्षा काय देतं? बाईने जगायचं, पोटातलं मूल मात्र नष्ट करायचं. १९६७ साली गर्भपाताचा नवा कायदा यायला चार वर्षं होती, आणि स्त्रीच्या संमतीवाचून गर्भपात घडवणाऱ्याला जन्मठेपेपर्यंत शिक्षा होती. भ्रूणहत्येसाठी बसलेलं कोर्ट भ्रूणहत्येचा हुकूम देऊन उठतं. मला मराठी नाटकात यासारखी दुसरी रचना ठाऊक नाही.

शिक्षेआधी आरोपीला विचारायचं असतं, काही सांगायचं आहे का. आमच्या कोर्टात २०२४ पर्यंत त्याला तीनशे तेराचा जबाब म्हणत; तेंडुलकर लिहीत होते तेव्हा ते कलम ३४२ होतं. साक्षीदारांनी जे जे विरुद्ध सांगितलं ते एकेक करून आरोपीपुढे ठेवायचं आणि त्याचं म्हणणं शपथेशिवाय लिहून घ्यायचं. प्रत्यक्षात हे अनेकदा कसं उरकतं ते कोर्टात बसणाऱ्या प्रत्येकाने पाहिलं आहे: प्रश्न, ‘खोटं आहे’, प्रश्न, ‘खोटं आहे’, शेवटी अंगठा. इंग्लंडात तर आरोपीला स्वतःच्याच खटल्यात शपथेवर साक्ष द्यायची मुभा १८९८ पर्यंत सरसकट नव्हती. वकील आला आणि आरोपीचा स्वतःचा आवाज कमी कमी होत गेला, ही या इतिहासातली उणी बाजू आहे आणि ती लपवू नये. १९०८ साली मुंबईच्या हायकोर्टात लोकमान्य टिळकांनी स्वतःचा बचाव स्वतः केला तो २१ तासांहून जास्त. ज्युरीने ७ विरुद्ध २ ने दोषी ठरवलं, सहा वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा झाली, पण आवाज नोंदीत राहिला.

बेणारेला काशीकर दहा सेकंद देतो.

त्या दहा सेकंदांत तेंडुलकर घड्याळ थांबवतात. बाकीची पात्रं होती तशी गोठतात आणि ती बोलू लागते. शरीराबद्दल, चौदा-पंधराव्या वर्षी मामाने केलेल्या फसवणुकीबद्दल, ज्याच्या बुद्धीची पूजा केली त्या माणसाबद्दल, आणि पोटातल्या मुलाबद्दल, ज्याला आई हवी आणि नावही हवं. पानंच्या पानं. हे स्वगत कुणी कोर्टात ऐकत नाही. ते नोंदीत येत नाही. बोलून संपतं, घड्याळ पुन्हा चालू होतं, कोर्टाच्या हिशेबी आरोपीने काहीच सांगितलेलं नसतं. कुणाला हे स्वगत थोडं लांब वाटेल, भाषा भारलेली वाटेल. मला एकही ओळ कमी नको आहे. ज्याने कधी आरोपीचा ‘खोटं आहे, खोटं आहे’ असा जबाब लिहून घेताना त्याच्या तोंडाकडे पाहिलं आहे, त्याला त्या दोन शब्दांच्या मागे किती पानं अडकलेली असतात ते माहीत असतं.

जुन्या इंग्रजी कायद्यातली एक गोष्ट मला या नाटकाजवळ ठेवावीशी वाटते. १६२४ साली तिथे कायदा झाला. अविवाहित बाईने मूल झाल्याचं आणि मेल्याचं लपवलं, तर तिने ते मारलं असंच धरायचं. मेलेलं जन्मलं हे सिद्ध करायचं तिने, साक्षीदार आणून. एकटी, अंधारात बाळंत झालेल्या मोलकरणीने साक्षीदार कुठून आणायचा? कायदा १८०३ पर्यंत पुस्तकात होता. पण अठराव्या शतकात ज्युरी आणि न्यायाधीश एक साधा प्रश्न विचारू लागले. हिने बाळासाठी कापडं करून ठेवली होती का? एखादं अंगडं, टोपडं, दुपटं? पेटीतून ते निघालं, शेजारणीने पाहिलं म्हणून सांगितलं, की बाईला सोडत. ज्या मुलासाठी जुन्या लुगड्याची बाळुती फाडून ठेवली, ते मारायचं नव्हतं, हे समजायला कायद्याची पदवी लागत नाही. आमच्याकडे सातव्या महिन्यापासून गोधडीला टाके घालणाऱ्या बायकांना विचारा.

नाटक संपतं तेव्हा गावचे प्रेक्षक दाराशी आलेले असतात. कडी निघते, मंडळी पुन्हा मेकअपला लागतात, खेळच होता म्हणून एकमेकांना सांगतात. बेणारे खाली पडलेली आहे, हलत नाही. सामंत आत येतो. त्याच्याकडे पहिल्या अंकापासून पुतण्यासाठी घेतलेला हिरवा कापडी पोपट आहे. तो घाबरत घाबरत जवळ जातो, काय करावं त्याला सुचत नाही, आणि तो पोपट हळूच तिच्यापाशी ठेवून निघून जातो.

आमच्या तालमीत पोपट मिळाला नव्हता. आजींनी दुसऱ्या दिवशी नातवंडाचं हिरवं टोपडं आणून दिलं, त्यात कापूस भरून, दोन टाके घालून. प्रयोगाच्या रात्री सामंताने ते ठेवलं आणि पुढच्या रांगेतून आजींचा आवाज आला, ‘बघा आता तरी.’ न्यायाधीशाची खुर्ची तोवर विंगेत नेली होती. बचावाचं स्टूल कपचीसकट तिथेच राहिलं होतं, आणि ते कुणी हलवलं नाही.